आईची दृष्ट

माझी पहिली मुलगी जन्मल्यावर आठवड्याभरातच गेली. हृदयात दोष होता, असं डॉक्टरांनी सांगितलं. चामराजपेटला आमच्या घरी मात्र निदान वेगळं झालं. सासूबाई म्हणाल्या, "आईचीच दृष्ट सगळ्यांत आधी लागते. तू तिच्याकडे टक लावून बसायचीस." मी चांगली शिकलेली बाई, पण ते वाक्य काळजात रुतलं ते रुतलंच.

म्हणून मुलगा झाला तेव्हा ठरवलं, याच्याकडे बघायचंच नाही. पाजताना त्याच्यावर पदर ओढायचा आणि खिडकीतल्या कुंडीकडे बघायचं. श्वास चालू आहे ना, हे पदरावरूनच चाचपायचं. नवरा एचएसआर लेआउटच्या ऑफिसातून फोन करायचा, "कुणासारखा दिसतोय आता?" काय कपाळ सांगणार? मी बघितलंय कुठे!

त्यात दूध उतरेना. छाती दगडासारखी भरून ठणकायची आणि पोर ओढून ओढून थकून झोपी जायचं. वजन घटलं. डिंक झाला, मेथी झाली, शेपू तर इतका खाल्ला की वासानेही मळमळायचं. आतून मी घाबरून अर्धी झाले होते. हाही जाणार, आणि हा तर न बघताच जाणार.

बाळाच्या डॉक्टर बेळगावकडच्या होत्या. वजन केल्यावर म्हणाल्या, "माझ्यासमोर पाज बघू." मी सवयीने पदर ओढला, तशी त्यांनी विचारलं, "अगं, बाळाकडं कधी बघतीस तरी काय?" मग मी सगळं सांगून टाकलं. त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, दूध आहे, पण ते सुटायला ऑक्सिटोसिन नावाचं हार्मोन लागतं, आणि बाई धास्तावलेली असली की ते अडतं. "वजन भरेपर्यंत वरचं दूध देऊ. पण तू त्याला उघड्या छातीवर घे, त्याच्याकडं बघ, बोल. स्वल्प वेळ लागंल."

त्यांना बोलायला काय जातं? जीव माझा टांगणीला लागला होता. न बघावं तर पोर उपाशी, बघावं तर माझेच डोळे वैरी.

दुपारी खोलीचं दार लोटलं. त्याचं झबलं काढलं, त्याला छातीशी धरलं, दोघांवर चादर घेतली आणि मान खाली घातली. तो जागाच होता. कपाळाला आठी घालून, मी कोण आहे याचा विचार करत असावा तसा बघत होता. मी म्हटलं, "बाळा, मी तुझी आई. तुला फार घाबरते रे." आणखी काय बोलले आठवत नाही, मी रडत होते. थोड्या वेळाने छातीत झिणझिण्या आल्या. तो घटाघट गिळत होता, दुसऱ्या बाजूने चादर भिजत होती.

तेवढ्यात सासूबाई आत आल्या. मला वाटलं, आता ओरडणार. त्या माझ्याकडे पाठ करून पलंगाच्या कडेला बसल्या.

"डोळे कुणाचे आहेत गं?" त्यांनी हळूच विचारलं.

म्हणजे आपलीही दृष्ट लागेल या भीतीने त्यांनीही अजून बघितलं नव्हतं. "तुमचे," मी म्हटलं. त्यांनी पदर तोंडाला लावला, पण वळल्या नाहीत. माझीही भीती गेली नव्हती, उलट आता ती दुप्पट झाली होती. तरी मी त्याच्याकडे बघत राहिले.