खालच्या पट्टीतली सुनीती

थायरॉइडचं ऑपरेशन झालं आणि सुनीतीचा आवाज गेला. बोलण्यापुरता परत आला, पण जाडा, खरखरीत. लखनौच्या मराठी मंडळात ती अठरा वर्षं भजनं गायली होती. आता तिनं गुरुवारचं जाणंच सोडलं.

एका सुट्टीत लेक अनघा हॉस्टेलवरून वृंदावन योजना या वसाहतीतल्या घरी आली. म्हणाली, "मम्मी, ये बैंड सुनो. गॉथिक रॉक है, थोड़ा डार्क है. इनके सिंगर का भी गले का ऑपरेशन हुआ था."

"कधी?"

"नौवें एल्बम से पहले. वही लगा दूँ?"

"नको. पहिल्यापासून ऐकते. आधी कसा गायचा ते कळायला नको?"

चाळीस वर्षांत बँडचे सोळा अल्बम निघाले होते. अनघा परत गेली आणि सुनीतीनं रोज दुपारी एक लावायला सुरुवात केली. निम्मे शब्द कळत नसत. थडगी, धुकं, कोणाची तरी वाट पाहणं, एवढंच हाती लागे. पण गायक वरचा सूर लांबवून धरी, तेव्हा तिचाही श्वास अडके. तीही पूर्वी तस्साच धरायची. चौथा तिला फार आवडला. सातवा अगदीच रटाळ निघाला, तरी तिनं तो शेवटपर्यंत ऐकला.

नववा लागला तेव्हा ती मेथी निवडत होती. हात थांबले. आवाज पार खोल गेला होता, आणि जुन्या उंचीवर जाताना फाटत होता. दहाव्यातही तीच धडपड. अकराव्यात मात्र त्यानं ती उंची सोडून दिली होती. सगळी गाणी खाली आणून तो तिथं ठाम उभा होता. हा अल्बम तिनं लागोपाठ तीनदा ऐकला.

त्या गुरुवारी ती निशातगंजला मंडळाच्या हॉलवर गेली. पेटीवर नेहमीप्रमाणे नरहरराव होते.

"माझी नेहमीची काळी चारची पट्टी नको," ती म्हणाली. "पांढरी दोन धरा."

"वहिनी, फार खाली होतंय. पुरुषी वाटेल."

"वाटू दे. मला आता तिथंच गाता येतं."

नरहररावांनी सूर दिला. दुसऱ्या कडव्यात तिचा आवाज चिरकला. पुढच्या रांगेतल्या दोघी एकमेकींकडे बघायला लागल्या. सुनीती थांबली, घोटभर पाणी प्यायली आणि तीच ओळ तिनं पुन्हा घेतली.