शत्रूच्या आईचं रडणं

"तुमच्या आत्याला स्टुडिओतून हाकललं म्हणे, शत्रूसाठी रडली म्हणून!" शेजारीणबाईंनी जिन्यात सांगितलं. 'म्हणे' म्हणजे त्यांनीच म्हटलेलं.

हाकललं कुणी नव्हतं. हेडफोन टेबलावर आपटून आत्या आपणहून निघाली होती. रडणं हा तिचा धंदाच. हिंदी सिनेमात नटी नुसतं तोंड उघडते, हंबरडा आत्याचा. लढाईच्या सिनेमांची लाट आल्यापासून तर तिला उसंत नाही.

त्या दिवशी मीही सोबत गेले होते. रडायला दोन आया होत्या. एक आपल्या जवानाची, एक सीमेपलीकडच्या जवानाची. काचेमागून दिग्दर्शक म्हणाला, "ताई, ही आपली आई. जरा गर्वानं रडा. छाती पुढे काढून."

"मेलेल्या पोराच्या उशाशी छाती पुढे काढतात?"

"देशाची आई आहे हो ती!"

"आधी त्या पोराची आहे."

पण पोटाचा प्रश्न. दातओठ खात आत्याने त्याला हवं तसं, इस्त्री केलेलं रडणं दिलं. पलीकडच्या आईसाठी कुणी सूचनाच दिली नाही. तिथे ती मनासारखी रडली. हंबरडा मध्येच तुटला, श्वास अडकला, रेकॉर्डिंगवाल्याने डोळे पुसले.

दिग्दर्शक भडकला. "शत्रूच्या बाईला एवढं? लोक हळहळतील ना! तिथे नगारे टाका."

"तिलाही नऊ महिनेच लागले होते रे, मुडद्या!" आणि हेडफोन आपटला.

घरी भांड्यांची आदळआपट. मी नेहमीसारखी दिग्दर्शकाची आणि तिची नक्कल करून दाखवली, तरी आत्या हसली नाही. म्हणाली, "ते रडणं तो फेकायचा नाही. आपल्या आईला चिकटवेल. लाव पैज."

"छे! त्याला गर्व हवाय."

"माल ओळखतो मेला."

मी हरले तर महिनाभर नक्कल बंद, असं ठरलं.

सिनेमा लागला. शेजारीणबाई आमच्या पुढच्याच रांगेत. पडद्यावर पलीकडच्या आईने तोंड उघडलं, मिटलं. ऐकू आले ते नगारे. मग झेंड्यात गुंडाळलेला जवान, त्याच्यावर वाकलेली आपली आई, आणि तोच हंबरडा, त्याच जागी तुटलेला. मी तो नकलेसाठी घरी घोटून घोटून बसवला होता, चूक होणं शक्यच नव्हतं.

शेजारीणबाई हुंदका देत, नाक पुसत मागे वळल्या. "बघा, आपल्या आयांचं रडणंच वेगळं!"

आत्या ताडकन उठली. "त्या दुसरीचं आहे ते! चोरलंय तिचं!"

"ओ बाई, खाली बसा!" मागून लोक ओरडले. ती बसली नाही. पैज जिंकून इतकं संतापलेलं माणूस मी पहिल्यांदाच पाहिलं.

बाहेर येताना शेजारीणबाईंचा तो हुंदका अगदी माझ्या ओठांवर आला. आत्याने नुसतं बोट उगारलं. मी गिळला.