सहा नंबरचा बॅक

हे मी अक्काला सांगितलेलं नाही, आणि तिला सांगितलं नाही म्हणजे जगात कुणालाच नाही. तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून तर बोलायला बसलोय. पण सुरुवात कुठून करू? स्वतःपासून केली तर लगेच स्वतःची वकिली करायला लागेन, स्वभावच तसा आहे माझा. तेव्हा आधी भावोजींबद्दल सांगतो. त्यांचं कौतुक करताना तरी मला खोटं बोलावं लागत नाही.

माझ्या थोरल्या बहिणीचे, अक्काचे, यजमान निल्स हे स्वीडनचे. उत्तरेकडच्या एका लहानशा गावातले. आइस हॉकी हा त्यांचा छंद नव्हे, पोटापाण्याचा व्यवसाय. विशीत वरच्या लीगमध्ये आले आणि गुडघ्यानं हात टेकेपर्यंत तिथे बचावाला उभे राहिले. एकदा अमेरिकेतल्या एका मोठ्या क्लबनं सरावाला बोलावलं होतं, आणि थोड्याच दिवसांत परत पाठवलं. दुसरा एखादा जन्मभर कुढत बसला असता. हे परत आले, जुन्या क्लबचा सहा नंबरचा शर्ट अंगात घातला आणि कामाला लागले. पुढे तो क्लब घसरून खालच्या लीगमध्ये गेला तेव्हा चांगले चांगले खेळाडू सटकले. भावोजी राहिले. गारठलेल्या गावांमधून बसनं फिरत, रिकाम्या बाकांसमोर खेळत राहिले, क्लब पुन्हा वर येईपर्यंत.

गोल करणाऱ्याचं नाव होतं. बॅकचं नाव निघतं ते तो चुकला तरच. चेन्नईत पेरुंगुडीला ऑफिसात डबा खाताना मी फोनवर त्यांचे जुने सामने बघायचो. समोरचा सुसाट येतोय, आणि हे पाठमोरे मागे सरकत त्याला हळूहळू कडेच्या फळीकडे नेतायत. घाई नाही, राग नाही. चुकार वासराला गोठ्याकडे वळवावं तसं. आणि कुणी जोरात फटका मारलाच, तर हे सरळ आडवे पडणार. रबराची ती काळी चकती दगडासारखी येते, आणि हा माणूस तिच्या वाटेत स्वतःला टाकतो! कशासाठी? मागे गोलकीपर आहे म्हणून. बस्स. त्यापायी पुढचे दात गेले, नाक वाकडं झालं, हनुवटीवर टाक्यांची रांग आली. मला या माणसाचा किती अभिमान वाटतो ते सांगता येत नाही. आणि हे नुसतं म्हणायचं म्हणून म्हणत नाही — चेन्नईत मला ते खरंच कुणाला सांगता येत नव्हतं.

कारण आमच्या घरात भावोजी इंजिनिअर होते.

आम्ही तंजावरचे मराठी. पिढ्या गेल्या तमिळ मुलखात. माझं हे आत्ताचं मराठी ऑफिसातल्या पुण्या-सांगलीच्या पोरांकडून उचललेलं आहे. अप्पा, माझे वडील, सरकारी कचेरीत कारकून होते. आई लवकर गेली. अक्का शिकायला स्वीडनला गेल्यावर वेलचेरीच्या फ्लॅटमध्ये अप्पा आणि मी, दोघंच उरलो. आमच्याकडे एक पद्धत होती — अप्पांशी थेट कुणी बोलायचं नाही. मुलीनं तर नाहीच. आधी आईमार्फत, आई गेल्यावर माझ्यामार्फत. सहलीची परवानगी असो, नव्या चपला असोत, लग्न असो, अर्ज माझ्याकडे यायचा आणि निकालही मीच कळवायचो. आणि इंटरनेट म्हणजे अप्पांच्या लेखी मीच. जगातली जी बातमी मी आणीन ती.

तर अक्कानं निल्सशी लग्न ठरवलं आणि ‘अप्पांना सांग’ म्हणून मला गळ घातली. मी सांगायला गेलो. अप्पांनी पहिलाच प्रश्न केला, मुलगा काय करतो? आणि माझ्या डोळ्यांसमोर माझी बॅट आली. दहावीच्या वर्षी क्लास बुडवून खेळत होतो, तेव्हा अप्पांनी ती गुडघ्यावर धरून मोडली होती. खेळून कुणाचं पोट भरलंय, असं म्हणाले होते. मी म्हणालो, इंजिनिअर आहे. ट्रकच्या कंपनीत.

होकार मिळाला. अक्का रडली, हसली, आणि म्हणाली, लग्नानंतर खरं काय ते सांगून टाक हं. मी हो म्हणालो.

इथवर तुम्ही मला माफ कराल, कल्पना आहे. लग्न जुळवताना असलं थोडंफार चालतं. पण पुढचं?

लग्नानंतर अक्का दर फोनला विचारायची, सांगितलंस का? मला धीर होत नव्हता. आज सांगू, उद्या सांगू. शेवटी तिच्या विचारण्याचा इतका वैताग आला की एकदा म्हणून टाकलं — सांगितलं. वर माझ्याच मनचं जोडलं, की अप्पा म्हणाले, हा विषय या घरात पुन्हा नको. मग ती म्हणाली, बरं. तिनं नवऱ्याला सांगितलं. त्यांनीही बरं म्हटलं. एका वाक्यात माझी सुटका झाली होती. त्या वाक्यात मी अप्पांच्या तोंडी काय घातलं, आणि ते कुणाच्या वाट्याला आलं, याचा मी तेव्हा विचार केला का? नाही केला. हलकं वाटलं. मी त्या रात्री चांगला जेवलो.

दर मे महिन्यात, तिकडचा मोसम संपला की ती दोघं यायची, पुढे मुलींना घेऊन. मेमधलं वेलचेरी म्हणजे भट्टी. त्यात हा सहा फुटांहून उंच माणूस वेष्टी, म्हणजे इकडचं धोतर, सावरत, घामानं निथळत केळीच्या पानावर बसायचा, आमचं आंबट-तिखट सांबारं तोंडातल्या ताज्या जखमेवर घ्यायचा आणि पुन्हा वाढा म्हणायचा. आपल्या कामाविषयी चकार शब्द काढायचा नाही. सासऱ्याला आपली लाज वाटते, हे धरून चालायचा. आणि तरी वाकून नमस्कार करायचा, औषधाच्या दुकानात हात धरून न्यायचा, लिफ्ट बंद असली तर पाण्याचे कॅन उचलून आणायचा. दात कशानं गेला, असं अप्पांनी विचारलं तर मीच मध्ये पडायचो, तिकडे बर्फावर घसरतात अप्पा. स्वीडनचे इंजिनिअर फार घसरतात, असा अप्पांचा समज झाला होता.

मग एका शनिवारी ते घडलं. शनिवारचे सामने तिकडे दुपारी असतात, आपल्याकडे जेवायच्या सुमारास. मी लॅपटॉपवर बघत होतो. अप्पा मागे कधी येऊन उभे राहिले कळलंच नाही. मी दचकून झाकण लावणार, तेवढ्यात ते म्हणाले, “थांब रे. काय हें? बर्फावर हॉकी?” खुर्ची ओढून बसले. आणि थोड्या वेळानं पडद्यावर बोट ठेवून म्हणाले, “हा सहा नंबर पार, पाहा याला. सर्व जण चेंडू पाहतात. हा एकटा मनुष्य पाहतो.”

मी हळूच आवाज बंद केला.

त्या दिवशी मला पहिल्यांदा कळलं, की अप्पा तरुणपणी कचेरीच्या टीममधून हॉकी खेळायचे. मातीच्या मैदानावर, अनवाणी. आणि ते बॅक होते. आजोबांनी एका शब्दात बंद करायला लावलं, आणि अप्पांनी तो विषयच मिटवून टाकला, इतका की मुलाच्या हातात बॅट दिसली तरी त्यांना बघवलं नाही. हे सगळं त्यांनी भात कालवत कालवत सांगितलं, सहज. सबंध चेन्नईत निल्सचा खेळ ओळखणारा एकच माणूस होता. तो आमच्याच घरात राहत होता.

आता तुम्ही म्हणाल, मग तेव्हाच का नाही सांगितलंस? मीही स्वतःला हेच विचारतो. अप्पा रागावले असते तर मी सांगितलं असतं, शपथेवर सांगतो. रागाची मला सवय होती. पण ते आनंदानं वेडे झाले असते. मग त्यांनी विचारलं असतं, इतकी वर्षं का लपवलंस? त्याला माझ्याकडे काहीच उत्तर नव्हतं. ज्या भीतीपोटी खोटं बोललो ती भीतीच खोटी निघाली, आणि म्हणून माझं तोंड कायमचं बंद झालं. भित्रेपणा म्हणतात तो हाच ना?

तेव्हापासून शनिवार आमचा ठरला. अप्पा दुपारपासून विचारायचे, आज सहा नंबर आहे कीं नाही? मोतीबिंदूमुळे त्यांना तेवढा आकडाच दिसायचा. पाठीवरचं नाव लागायचं नाही, हेल्मेटमधला चेहरा तर नाहीच. आवाज मी बंद ठेवायचो. त्या भाषेची कटकट नको म्हणायचो. खरं कारण म्हणजे कॉमेंटरीत नाव यायचं. भावोजींनी फटका अंगावर घेतला की अप्पा मांडीवर थाप मारायचे — “शाबास!” आणि मी शेजारी बसून, तुम्हाला खोटं वाटेल, पण सुखात असायचो. वडिलांबरोबर इतका वेळ मी उभ्या आयुष्यात बसलो नव्हतो. ते सुख मी दुसऱ्याच्या हक्कातलं चोरून खात होतो.

पुढच्या मेमध्ये अप्पांनी पद्धत मोडली. जेवण झाल्यावर भावोजींकडे वळून थेट इंग्रजीत विचारलं, तुमच्याकडे ती बर्फावरची हॉकी असते, तुम्ही बघता का? भावोजींनी आधी अक्काकडे पाहिलं, मग माझ्याकडे. त्यांना वाटलं असणार, सासरे परीक्षा बघतायत. ते अगदी नम्रपणे म्हणाले, “थोडीफार. मला फारसं कळत नाही त्यातलं.” अप्पांचा चेहरा उतरला. किती हौसेनं विचारलं होतं! रात्री जावयाविषयी मला म्हणाले, “माप्पिळ्ळै बहु चांगला, पण त्यास खेळाचें वेड नाहीं.” आणि मी म्हणालो, हो अप्पा, इंजिनिअर ना.

त्यानंतरच्या हिवाळ्यात भावोजींचा गुडघा संपला. क्लबनं निरोपाचा सामना ठेवला. अक्कानं फोन केला; कितीतरी वर्षांनी तिनं तो विषय काढला होता. म्हणाली, अप्पांना एकदा विचारून बघ ना. तिकिटं आम्ही पाठवतो. आले नाहीत तरी चालेल, नुसता आशीर्वाद दिला तरी यांना खूप वाटेल. मी म्हणालो, विचारतो. दुसऱ्या दिवशी कळवलं, नको म्हणाले. मी विचारलंच नव्हतं.

तो सामनाही शनिवारीच होता. अप्पांना फक्त एवढंच सांगितलं, की सहा नंबरचा आज शेवटचा खेळ. त्यांनी धुतलेली वेष्टी नेसली, विभूती लावली. सामना संपला तसे दिवे मंद झाले, आणि भावोजी एकटेच बर्फाच्या मधोमध येऊन उभे राहिले. सगळे प्रेक्षक उठले. आणि अप्पा, ज्यांना खुर्चीतून उठायला माझा हात लागायचा ते अप्पा, खुर्चीचा हात धरून आपण होऊन उभे राहिले. टाळ्या वाजवायला लागले. पडद्यावर त्यांचा जावई हेल्मेट काढत होता.

तितक्यात कॅमेरा कडेला वळला. दारातून अक्का येत होती, हातात फुलं, दोन्ही मुली बरोबर.

मी लॅपटॉप बंद केला. म्हणालो, नेट गेलं अप्पा.

ते बसले नाहीत. येईल की परत, म्हणाले, आणि काळ्या झाकणाकडे बघत उभे राहिले. मी त्यांना उभं राहू दिलं. बऱ्याच वेळानं त्यांनी विचारलं, त्याच्या घरचीं कोणी आलीं असतील ना रे? मी म्हणालो, आली असतील.

अप्पा त्याच वर्षी गेले. भावोजी आले, अक्काला सावरलं, दिवसकार्याला माझ्या शेजारी उघड्या अंगानं बसले. सगळं आटोपल्यावर आम्ही दोघं गच्चीवर सतरंज्या वाळत घालत होतो. त्यांनी एक सतरंजी झटकली, दोरीवर टाकली आणि माझ्याकडे न बघता विचारलं — शामू, एक विचारू? अप्पांनी माझा एक तरी सामना कधी पाहिला होता का? चुकून, अर्धा, कसाही?

अप्पा आता रागावणार नव्हते. आनंदानं वेडे होणार नव्हते. का म्हणून विचारणारं कुणी उरलं नव्हतं. एक ‘हो’ म्हणायचं होतं.

मी म्हणालो, नाही.

त्यांनी मान हलवली. सतरंजीचं दुसरं टोक माझ्या हातातून घेतलं, नीट ताणून बसवलं. मग माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, बरं झालं, निदान तू माझ्याशी कायम खरं बोललास.