दिल्लीला निघालेली कोंबडी

आमच्या लेकीला शिकवलं खूप, पण व्यवहार शून्य. तिला दिल्लीला जाऊन सिनेमा करायला शिकायचं होतं आणि माझे वडील हो म्हणेनात. आमच्या घरात त्यांच्या शब्दाबाहेर कोणी जात नाही. तर त्यांना पटवायला हिनं काय दाखवावं? कुठल्याशा परदेशातली माणसं, जवळ कागद नाहीत, मालगाडीच्या टपावर बसून उत्तरेकडे निघालेली, असा माहितीपट. म्हणजे आपल्याच हातानं पायावर धोंडा. "अगं, कुणी सुखानं पोहोचलेलं तरी दाखव," मी म्हटलं. तर म्हणे, जे खरं तेच दाखवायचं असतं.

दुपारी पडवीतल्या खाटेवर लॅपटॉप मांडला. भाषा कुणाला कळत नव्हती, लेक मधूनमधून सांगत होती. बाबांना सांगायची गरजच पडेना. त्यांची सारी उमर गुजरातेत ऊस तोडण्यात गेली. "त्या पोराला मध्ये बसव," ते पडद्याला बजावत होते. "कडेला डुलकी लागली की संपलं."

मग टप नीट निरखून त्यांनी विचारलं, "यांच्यात एकाकडेही कोंबडी कशी नाही?"

लेक हसली, मी हसले नाही. तोडीला जाताना आमच्या ट्रकवर भांडी, पीठ, सरपण चढतं, तशी एक अंड्यावरची कोंबडीही चढते. तिकडे तिची अंडी खायची, तिला कापायचं नाही. ती परत घरी आणायची, असा बाबांचा दंडक.

"आजा, हे परत नाही येऊ शकत," लेक म्हणाली. "कागद नाहीत ना."

बाबा पडद्याकडे वाकले. म्हणाले, "आणि हे चित्र काढणारा कुठं बसला होता?"

"टपावरच. त्यांच्यासोबत."

झालं, गेली दिल्ली, असं मला वाटलं.

सकाळी बाबांनी तांबडी कोंबडी धरली आणि लेकीच्या हातात दिली. "गाडी कधीची आहे तुझी?"

पोरगी रडत रडत हसली. "आजा, हॉस्टेलवाले मलाच हाकलतील."

"मग इथं राहू दे. पण ती तुझी."

लेक गेली. तांबडी म्हातारी झाली, अंडी बंद झाली. परवा पाहुणे आले, मी तिला धरायला गेले, तर बाबांनी तिच्यावर डालं पालथं घातलं आणि त्याला टेकून बसले.

"पोर अजून तोडीवर आहे," ते म्हणाले.

पाहुण्यांना मी डाळ वाढली.