दोनाला तीन

आधीच सांगतो, म्हणजे खाली कमेंटमध्ये "भाऊ, काय घेऊन बसला होतास" असं कोणी विचारायला नको... मी भुताखेतांवर विश्वास ठेवणारा माणूस नाही. सातपूरला एका कंपनीत सीएनसी मशीनवर आहे, चौदा वर्षं झाली. मशीनकडे पाठ करून उभा राहिलो तरी नुसत्या आवाजावरून सांगतो — टूल घासलंय की जॉब ढिला बसलाय. फुशारकी नाही मारत, हे पुढे कामाला येणार आहे म्हणून सांगून ठेवतो.

माझी सासुरवाडी पेठहून हरसूलकडे जाताना डोंगरात लागते. तीस-पस्तीस घरांचा पाडा. तो वसलाच मुळी लाकूडतोडीमुळे. पूर्वी तिथे सागाचे कूप पडायचे, म्हणजे जंगलाचा एकेक तुकडा तोडीला काढायचे. ठेकेदार यायचा, माणसं कुऱ्हाडी घेऊन महिनोन्‌महिने रानातच, आणि ओंडके ट्रकने नाशिकच्या वखारीत. तोड कधीच बंद झाली, मोठा साग संपला, माणसं मात्र तिथेच राहिली. आता भात-नागली करतात, हंगामात द्राक्षबागांवर मजुरीला खाली उतरतात.

माझे सासरे, मी त्यांना मामा म्हणतो, त्या काळातले एक नंबरचे तोडवाले. आता ऐंशीच्या घरात आलेत. डोकं कधी जाग्यावर, तर कधी चाळीस वर्षं मागे. जेवता जेवता उठतात आणि "कूपावर उशीर झाला" म्हणून निघतात! म्हणून मामींनी त्यांची कुऱ्हाड लपवून ठेवली होती. कुठे, ते कोणालाच सांगितलं नव्हतं. माझा मेहुणा रामदास, त्यालासुद्धा नाही.

गोष्ट भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवसाची. भाताची कापणी चालू, सगळे शेतात. बायको, वैशाली, निघताना मला म्हणाली, "अहो, बाबांवर नजर ठेवा. काही करू नका, फक्त नजर. एवढं जमेल ना?"

"न जमायला काय झालं?" मी म्हटलं.

आता पाड्यात रेंज येते एकाच जागी, चिंचेखालच्या दगडावर. मामा खाटेवर डोळे मिटून पडलेले. म्हटलं, दोन मिनिटं मॅचचा स्कोअर बघून येतो. अहो, नेमकी शेवटची ओव्हर! दोन मिनिटांची वीस कधी झाली कळलंच नाही. परत आलो तर खाट रिकामी.

घरामागे बघितलं, विहिरीत डोकावलो, मग शेताकडे ओरडतच पळालो. वैशालीनं ऐकून घेतलं, विळा खाली टाकला आणि हळू आवाजात म्हणाली, "बाबांना काही झालं ना, तर मी नाशिकला यायची नाही. तुम्ही जा आणि बघा मॅच." ती ओरडली असती तर बरं वाटलं असतं हो!

पाड्यातले आठ जण निघालो. आधी नदीकडे गेलो, कारण आदल्या दिवशी मामा तिकडेच सापडले होते. नाही. काठाकाठाने दोन तास शोधलं, हाका मारून घसे बसले. सव्वाचार वाजले. सहाला अंधार पडतो आणि त्या रानात बिबट्या फिरतो, हे तिथली शाळेतली पोरंही सांगतात. पाण्याची बाटलीसुद्धा नाही त्या म्हाताऱ्याजवळ...

तेवढ्यात रामदास एका आंब्यापाशी थांबला. स्वतःची कुऱ्हाड उलटी धरली आणि बोथट बाजूने खोडावर दोन ठोके दिले. ठक्... ठक्.

"हे काय?"

"दाजी, ह्ये कूपावरचं. घळीत हाक फाटते, ठोका फाटत नाय. दोन ठोके म्हंजी कुठं हायस? तीन म्हंजी हितं हाय. दोनाला तीन आल्याबिगर कुणी भाकरीला हात लावायचा नाय, असा कायदा व्हता बाबांचा. बाकी समदं इसरतील, ह्ये नाय इसरायचे."

आम्ही कान देऊन उभे. आणि... नदीकडून नाही, बरोबर उलट्या बाजूने, डोंगराच्या मागच्या घळीतून —

ठक्. ठक्. ठक्.

"प्रतिध्वनी असेल," मी म्हटलं.

"दोनाचं तीन हून परत येतं व्हय? कंपनीत ह्येच शिकवलं का?" रामदास हसला आणि सुटलाच! आम्ही मागे. करवंदीच्या जाळ्यांनी शर्ट फाटला, एक चप्पल तुटली, कोणाला पर्वा! वाट फुटली की रामदास थांबायचा, दोन द्यायचा, आणि लगेच तीन यायचे. दर वेळी जवळून. माणसं हसत होती, एकमेकांच्या पाठीत धपाटे घालत होती. लाज वाटते सांगायला, पण मी रडत रडत पळत होतो.

पण पळतानाही कान कान असतात. तो आवाज भरीव होता. जिवंत, ओल्या, जाड लाकडावर लोखंड बसल्याचा. कवेत न मावणारं खोड असल्याशिवाय तसा आवाज निघत नाही. आणि वाटेत मला तर मनगटापेक्षा जाड साग कुठे दिसत नव्हता.

घळीत मामा सापडले. दोन दगडांच्या फटीत पाय अडकलेला, घोटा टम्म सुजलेला, आणि चेहरा एकदम निवांत.

"बाबा! कशानं वाजवलंत?" रामदासने विचारलं.

"म्या कुठं?" मामांनी दोन्ही रिकामे हात दाखवले. "जिवा वाजवत व्हता."

जिवा म्हणजे मामांचा जोडीदार. एकाच झाडाला समोरासमोरून घाव घालणारी ही जोडी, असं लग्नात मला कोणीतरी सांगितलं होतं. तेव्हाही तो जाऊन बरीच वर्षं झाली होती. तापाने गेला.

"म्हनला, दोन ठोके पडले लक्षुमन, तू बस, म्या जबाब देतो. तुझी कुऱ्हाड तर तुझ्या बायकूनं कणगीमागं लपवलीया."

मी इकडे-तिकडे बघितलं. जुने सागाचे बुंधे, जमिनीलगत कापलेले, त्यांना फुटलेले बारीक फोक, बस. एका फोकावर मी दगड मारून बघितला. टिक्, असा फुसका आवाज आला.

घोंगडीच्या झोळीतून मामांना घरी आणलं. वैशाली त्यांच्या गळ्यात पडून रडली, पण माझ्याकडे तिनं बघितलं नाही. रामदासने मामींना एवढंच विचारलं, "आई, कुऱ्हाड कुठं हाय?" मामींनी एकदा मामांकडे बघितलं. मग धान्याच्या कणगीमागे हात घातला आणि कुऱ्हाड बाहेर काढली. माझी तर पाचावर धारण बसली!

सात वाजता पानं वाढली. नागलीची भाकरी, उडदाची आमटी. मामा जेवेनात. दिवसभराचे उपाशी, पण भाकरीला हात लावेनात.

"जिवा मागं ऱ्हायलाय. दोन द्या त्याला."

रामदास उठायला लागला, तर मामांनी त्याला हाताने थांबवलं आणि माझ्याकडे बघितलं. डोळे अगदी स्वच्छ, जाग्यावर असलेले. "जावईबापू, तुमी द्या. तुमच्या हवाली व्हतो म्या."

गुपचूप कुऱ्हाड उचलली आणि अंगणातल्या आंब्यापाशी गेलो. उलटी धरली. आणि हात उचलेना! अहो, कशाला उचलेल? उत्तर आलं नाही तर मामा उपाशी राहणार. आणि आलं तर?... छाती ठोकून "असलं काही नसतं" म्हणणारा मी, झाडासमोर कुऱ्हाड धरून नुसता उभा.

मागून वैशाली आली. माझ्या हातावर तिनं हात ठेवला, दुपारनंतर पहिल्यांदा. दोघांनी मिळून दोन ठोके दिले.

ठक्... ठक्.

त्यानंतर मी बरीच डोकेफोड केली. सुतारपक्षी म्हणावं, तर मोजून तीनच? कोणी चेष्टा केली म्हणावी, तर त्या वाटा माहीत असलेले सगळे आमच्यासोबत, नाहीतर शेतात. आणि कणगीचं काय? तुमच्याकडे उत्तर असेल तर सांगा, खरंच सांगा.

आणि त्या रात्री तीन आले का, हेही विचारू नका. दुसरा ठोका पडल्या पडल्या मी कुऱ्हाड सोडून दोन्ही हातांनी कान घट्ट दाबून घेतले होते. वैशालीला विचारलं की ती म्हणते, "तुम्हालाही कान होते की."

मला एवढंच माहीत आहे की आम्ही घरात परत आलो, तेव्हा मामा जेवत होते.