आगबोटीचा देखावा

पहिला फटका खोटा होता. ठरल्याप्रमाणे हंटर फळीवर आपटला, आवाज झाला, समोर बसलेल्यांनी टाळ्या वाजवल्या. दुसरा फटका माझ्या बाबांच्या उघड्या पाठीवर बसला. तो खरा होता.

मी बाजूला माईकसमोर उभी होते. हातात माझंच लिखाण. मला वाटलं, चुकून लागला असेल. पण मारणारा मित्रांकडे वळून हसला. "अरे यार, मजा येतोय. और एक."

तिसऱ्या फटक्याला बाबांच्या खांद्याचं साल निघालं.

ग्वाल्हेरच्या माधवगंजातल्या मराठी मंडळाचा गणपती. दर वर्षी सजीव देखावा असतो, माणसं पात्रं होऊन उभी राहतात. बाबा या मंडळाच्या हॉलचे रखवालदार. झाडणं, संडास धुणं, खुर्च्या मांडणं, सगळं त्यांच्याकडे. बदल्यात तुटपुंजा पगार आणि हॉलच्या मागची एक खोली. त्या खोलीत मी जन्मले, तिथेच अभ्यास करून इतिहासात एम.ए. झाले, एका खाजगी शाळेत शिकवायला लागले. आम्ही चांभार. आमचे पूर्वजही दख्खनेतून शिंद्यांच्या फौजेसोबतच ग्वाल्हेरला आले, घोड्यांची खोगिरं शिवायला. पण मंडळाच्या सभासदांत आम्ही नाही. आम्ही स्टाफ.

यंदा सेक्रेटरींनी मला बोलावलं. देखाव्याचं निवेदन लिही म्हणाले. मी हरखून गेले. विषय मीच दिला, आगबोटींनी हिंदी महासागर कसा पालटला.

जीव ओतून लिहिलं. आधी वाऱ्यावर चालणारी गलबतं होती. वारा फिरेपर्यंत व्यापारी परक्या बंदरात मुक्काम ठोकून बसायचे, तिथे घरं करायचे. आपल्या विणकरांचं कापड अरबस्तानात, आफ्रिकेत जायचं. मग विलायतेत वाफेच्या गिरण्या धडधडायला लागल्या. त्यांचं स्वस्त कापड इथे येऊन पडलं आणि इथले माग बंद पडत गेले. आपल्याकडून जायला लागला कच्चा कापूस. पुढे आगबोटी आल्या तशी वाऱ्याची मिजास संपली, वाटेत एडन बंदरात कोळसा भरला की बोट पुढे. विलायतेतल्या मजुराच्या चहाला साखर हवी, साखरेला ऊस हवा, उसाला हात हवेत. गुलामी तर कायद्याने बंद झालेली. मग कागदावर अंगठा घेऊन माणसं मॉरिशसच्या मळ्यांवर नेली. त्यांना म्हणायचे गिरमिटिये. त्यात कोकणातली मराठी माणसंही होती, त्यांची नातवंडं-पतवंडं तिथे आजही गणपती बसवतात.

हे शेवटचं वाक्य सेक्रेटरींनी खोडलं. "हे काढ. आपले लोकं कुली नव्हते. आपण फौजेसोबत आलो."

"सर, पण ते खरं आहे."

"असेल. गणपतीसमोर कशाला?"

मग पात्रं ठरली. कप्तान व्हायला तिघे तयार. व्यापारी व्हायला रांग. मळेवाला साहेब झाला एका जुन्या सरदार घराण्यातला मुलगा, त्याला सगळे राजे म्हणतात. घरातला जुना हंटर तोच घेऊन आला. कुली व्हायला मात्र कुणी पुढे येईना. एक आई म्हणाली, आमचा मुलगा उघड्या अंगाने नाही बसणार. तेव्हा सेक्रेटरी माझ्याकडे वळले. "तुझे बाबा आहेत ना. मेकअप पण नाही लागणार."

सगळे हसले. बाबाही हसले. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण मी गिळलं. खोली मंडळाची होती. घरी बाबाच मला समजावत बसले, "थोडा वेळ बसायचं आहे फक्त. माईकवर तुझं नाव घेणार आहेत."

आणि आता प्लायवुडच्या आगबोटीपुढे, कागदाच्या उसात, बाबा गुडघ्यांवर बसले होते. पाठीवरून रक्ताचा ओघळ उतरत होता. लोकांना तो रंग वाटला. कुणीतरी शिट्टी मारली. मी वाचत होते ते वाक्य असं होतं, "मळ्यावर मार बसला तर दाद मागायला जागा नव्हती." स्पीकरमधून माझाच आवाज मला ऐकू आला आणि माझी वाचाच बसली.

"रुकली का? वाच ना!" सेक्रेटरी खालून ओरडले.

चौथा फटका. बाबा ओरडले नाहीत. ते माझ्याकडे बघत होते. डोळ्यांनी सांगत होते, वाच. ते मला सहन झालं नाही. मी हे सगळं समुद्रापलीकडचं, होऊन गेलेलं म्हणून लिहिलं होतं. छान शब्द शोधले होते. आणि माझा बाप माझ्या समोर मार खात होता, माझ्या नावासाठी.

मी कागद टाकले आणि देखाव्यात घुसले. हंटर धरला. राजेने हिसका दिला. "ए, हात नाही लावायचा. तुझा बाप स्टाफ आहे आमचा."

मी हंटर ओढून घेतला आणि त्याच्या तोंडावर मारला. पूर्ण ताकदीने. त्याचा ओठ फाटला. तो हात वर करत होता, मी हातावर मारलं. मग तो आणि त्याचे मित्र माझ्यावर तुटून पडले. कुणी केस धरले, कुणी बरगडीत लाथ घातली, मी आगबोटीवर आपटले आणि तिचं धुराडं माझ्या अंगावर कोसळलं. मी शिव्या देत होते, चावत होते. आणि बाबा तशाच रक्ताळल्या पाठीने सरपटत गेले आणि राजेच्या बुटांवर डोकं ठेवलं. "माफ करा सरकार. पोरगी आहे."

लाथांपेक्षा ते जास्त लागलं.

दुसऱ्या दिवशी मंडळाची बैठक झाली. ठरलं, मी विसर्जनाच्या आरतीला सगळ्यांसमोर राजेचे पाय धरून माफी मागायची. नाहीतर खोली रिकामी करायची. "बेटा, नाटकात लागतं थोडंफार," सेक्रेटरी म्हणाले. "तू कशाला इतकी भडकते?" बाबांनी माझ्यासमोर हात जोडले. माझ्यासमोर. "माग ना बाई माफी. कुठे जाणार आपण?"

मला त्यांचा राग आला. रडूही आलं. मी सेक्रेटरींना म्हटलं, "माफी मागणार नाही. बाबांना परत कुणी हात लावला, तर परत मारेन."

तिथून मी सरळ पोलीस ठाण्यात गेले. बाबा आले नाहीत. मी अॅट्रॉसिटीची तक्रार दिली. राजेने माझ्यावर मारहाणीची दिली. शाळेने मला काढलं. आता आम्ही शिंदे की छावनी भागात एका भाड्याच्या खोलीत राहतो. बाबा माझ्याशी बोलत नाहीत. माझ्याकडे पाठ करून जेवतात. सदऱ्याच्या आत ते वळ अजून आहेत, मला माहीत आहे.

कोर्टात बाबा खरं बोलतील की नाही, मला माहीत नाही. ते उलटले तरी मी बोलणार. राजेने काय केलं तेही सांगेन आणि मी त्याला मारलं तेही सांगेन. त्यातलं एक अक्षर कुणाला खोडू देणार नाही. शिक्षा झाली तर भोगेन.

मंडळाची माणसं अधूनमधून येतात, मिठाईचा डबा घेऊन, तडजोडीचं बोलायला. त्यांना मी दारातच सांगते, चपला काढू नका.