शिक्षा पुन्हा ठरवा

ग्रीसचा वास आला की पणजीचं कोर्ट आठवतं. निकालाच्या दिवशी मी गॅरेजच्या कामावरून तसाच गेलो होतो. त्याआधी कारखान्यात साहेबाला ढकललं म्हणून मला नोकरीवरून काढून टाकलं होतं. न्यायाधीश म्हणाले, गैरवर्तन खरं, पण बडतर्फीची शिक्षा फार मोठी आहे, कंपनीने ती पुन्हा ठरवावी. बायकोने माझा हात घट्ट धरला. “म्हणजे आपण जिंकलो न्हय?” वकील हळूच म्हणाले, “वहिनी, शिक्षा ठरवणार तोच साहेब.” साहेबाने पगारवाढ रोखून मला परत घेतलं, आपल्याच हाताखाली. तो निवृत्त होईपर्यंत रोज सकाळी मी हात मागे बांधून त्याच्यासमोर उभा राहिलो. आजही बाजारात कुणी जोरात हाक मारली, तर माझे हात आपोआप पाठीमागे जातात.